पवळाचा जबाब

पठ्ठे बापूरावावर लिहिणारे पुष्कळ. पवळावर लिहायची वेळ आली की त्यांच्या पेनातली शाई वाळते. देखणी होती, बापूरावाची जोडीदारीण होती. संपलं.

माझं म्हणणं साधं आहे. ही जोडी होती. जोडीची कमाई एकट्याच्या नावावर चढवणं म्हणजे खोटा सातबारा.

श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हा रेठरे हरणाक्षचा ब्राह्मण. जन्म १८६६. कुलकर्णीपण सोडून तो महारामांगांच्या फडात आला, जातीचा रोष घेतला. त्याचं मोल मी कमी करत नाही. कवन त्याच्या जिभेवर होतं. लावण्या, गौळणी, 'मिठाराणी'चा वग, सगळं खणखणीत. पण आपण सोवळं टाकलं हे तो कवनातच दिमाखानं सांगतो. पवळाकडं टाकायला सोवळं होतंच कुठं? ती संगमनेर तालुक्यातल्या हिवरगाव पावशाची, महाराची पोर. दोघं एकाच फळीवर नाचले-गायले. त्याच्या वाट्याला त्याग आला, तिच्या वाट्याला बदनामी.

आता विनोदाचं बघू. या जोडीचा झगडा लोकांनी डोक्यावर घेतला. बाप्याचा सवाल, बाईचा जबाब. जिची सावली विटाळ धरत, ती भर पब्लिकात बामणाला तोंडावर टोला हाणते आन् पब्लिक पोट धरून हसतं! पण दोस्तहो, जबाबाचे शब्दही त्याचेच. बाईनं किती आन् कसं बोलायचं ते बाप्याच्या लेखणीनं ठरवलं. इथं मला हसू येत नाही.

मग पवळाचं काय? तिचा गळा, तिची फेक, कुठं थांबायचं न् कुठं डोळा घालायचा याची जाण. गौळणीतली, बतावणीतली थट्टा तर कागदावर नसतेच. माणसं बघून ऐनवेळी सुचते, तिथंच विरते. छापलं गेलं ते त्याचं झालं, विरलं ते तिचं. आम्ही गिरणीवाले एवढं जाणतो की नुसत्या उभ्या धाग्याचं कापड होत नाही. आडवा धागा लागतो.

१९२७ च्या महाड सत्याग्रहासाठी बापूरावानं तमाशाच्या खेळांचं उत्पन्न देऊ केलं. बाबासाहेबांनी ते नाकारलं. महार बायांना नाचवून आलेला पैसा त्यांना नको होता. बरोबरच केलं. पण त्यांनी पैसा नाकारला, आपण बाईच नाकारली. आपल्या समीक्षेला तिची लाज वाटली. विद्रोह म्हणजे फक्त शिवी, असं धरून चाललो आपण. हसवता हसवता हाणलेला टोला आपल्याला विद्रोह वाटलाच नाही.

पवळा १९३९ साली गेली. बापूराव १९४५ साली पुण्यात हलाखीत मेला. १९५० साली त्याच्या नावानं सिनेमा निघाला. पवळाकडं जातीच्या अंगानं नीट बघणारं शैलजा पाईक यांचं पुस्तक २०२२ साली आलं, तेही इंग्रजीत. आपल्या मराठीत आपण काय केलं?

बापूरावाच्या लावण्या जरूर वाचा. मात्र झगड्याशी आलात की बाईचा जबाब मोठ्यानं म्हणून बघा. हसू कुठं फुटतं ते कानाला कळेल. तिथं पवळा उभी आहे. तिचं नाव तिथं लिहा.