'द टर्मिनल मॅन' : मेंदूचे विद्युत-उद्दीपन आणि रुग्णाचा आवाज

विज्ञानकादंबरीची समीक्षा बहुधा तिच्यातील भाकित खरे ठरले की खोटे, या प्रश्नापाशीच थांबते. मायकेल क्रायटन यांच्या 'द टर्मिनल मॅन' (१९७२) या कादंबरीसाठी ही कसोटी अपुरी आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे.

नायक हॅरी बेन्सन हा संगणकतज्ज्ञ. अपघातात मेंदूला इजा झाल्यापासून त्याला अपस्माराचे झटके येतात व त्या अवस्थेत तो हिंसक होतो. शल्यचिकित्सक त्याच्या मेंदूत चाळीस इलेक्ट्रोड बसवतात. झटक्याची चाहूल लागताच संगणकाने विद्युतप्रवाह सोडून तो थोपवावा, अशी ही योजना. परंतु उद्दीपनाच्या सुखाला मेंदू सरावतो आणि त्यासाठी झटकेच निर्माण करू लागतो. उद्दीपन मिळवण्यासाठी उंदीर पुनःपुन्हा कळ दाबतात, हे ओल्ड्स व मिल्नर यांनी १९५४ मध्ये दाखवले होते. कथानकाचे बीज तेथे दिसते.

प्रत्यक्षात, झटक्याची चाहूल ओळखून उद्दीपन देणाऱ्या उपकरणाला अमेरिकेत २०१३ मध्ये मान्यता मिळाली. त्यामुळे अनेक रुग्णांचे झटके घटतात, सर्वांचे थांबत नाहीत. पण बेन्सनसारखा अनर्थ ओढवलेला नाही. भाकित म्हणून कादंबरी येथे फसते.

याहून गंभीर दोष वेगळा आहे. झटक्याच्या भरात हेतुपुरस्सर हिंसा होणे अत्यंत दुर्मीळ असते. तरीही कादंबरी अपस्मार आणि हिंसा यांची सांगड घालते, आणि अहवालसदृश शैली व शेवटची संदर्भसूची यांमुळे त्या समजुतीला शास्त्राचा आधार असल्याचा भास होतो. असे गैरसमज केवळ पुस्तकात राहत नाहीत. आपल्याकडे हिंदू विवाह कायद्यातील विवाहाच्या अटींमधून 'अपस्मार' हा शब्द वगळण्यास १९९९ साल उजाडावे लागले.

मग कादंबरीचे मोल कशात? मानसोपचारतज्ज्ञ जॅनेट रॉस हिच्या आक्षेपात. यंत्रे माणसावर ताबा मिळवत आहेत, असा बेन्सनचा भ्रम आहे. झटके थांबले तरी हा भ्रम जाणार नाही, हे ती बजावते. तिचे ऐकून घेतले जाते, मानले जात नाही. आणि यंत्राला भिणाऱ्या माणसाच्याच शरीरात यंत्र बसवले जाते. शल्यचिकित्सकांना झटका दिसतो, माणूस दिसत नाही.

हा प्रश्न जुना झालेला नाही. कंपवातावरील मेंदू-उद्दीपनाने हातांचा कंप कमी होतो. काही रुग्णांत मात्र मनःस्थिती व आवेगांवरील नियंत्रण बदलल्याच्या नोंदी आहेत. कंप मोजता येतो. 'मी पूर्वीचा राहिलो नाही' हे सांगणे ऐकावे लागते. उपचाराच्या यशाचे माप कोणी ठरवावे, हा रॉसचा प्रश्न वाचकाच्या मनात जागा ठेवणे, हेच या सदोष कादंबरीचे खरे यश होय.