सूर्य विझण्याची घाई

'सनशाइन' मी पहिल्यांदा पाहिला तो मोबाइलवर. मध्यरात्र, खोलीतले बाकीचे झोपलेले, म्हणून ब्राइटनेस पार खाली ओढलेला. सुरुवातीलाच यानातला डॉक्टर सर्ल अंधाऱ्या निरीक्षणकक्षात बसून सूर्य पाहतोय. त्याला दिसतंय ते खऱ्या तेजाच्या फक्त दोन टक्के. तो चार टक्के मागतो. कॉम्प्युटर सांगतो, डोळे कायमचे जातील; ३.१ टक्के चालेल, तेही जास्तीत जास्त ३० सेकंद. सर्ल ते घेतो, पडदा सोनेरी उजेडाने भरून जातो, आणि माझं बोट आपोआप ब्राइटनेसच्या पट्टीकडे गेलं.

डॅनी बॉयलचा हा सिनेमा २००७ सालचा, पटकथा अ‍ॅलेक्स गारलंडची. सूर्य मंदावतोय, पृथ्वी गोठतेय आणि आठ जण मॅनहटन बेटाएवढ्या वस्तुमानाचा बॉम्ब घेऊन त्याला पुन्हा पेटवायला निघालेत. भौतिकशास्त्रज्ञ ब्रायन कॉक्स सल्लागार होता, तरी विज्ञानाच्या चुकांची यादी करणं सोपं आहे. ती मी करणार नाही. एकच चूक मला छळते, कारण तिने पुढचा सगळा सिनेमा बिघडवलाय. सिनेमाला सूर्य म्हणजे चूल वाटते: विझत आली की फुंकर घालायची.

खरा सूर्य विलक्षण संथ आहे. त्याच्या गाभ्याचं तापमान दीड कोटी अंश, पण त्या गाभ्यातला एक घनमीटर तुकडा जेमतेम पावणेतीनशे वॅट ऊर्जा देतो. म्हणजे घरातले तीन पंखे चालतील एवढीच. सूर्य प्रखर आहे तो त्याच्या आकारामुळे. त्याच्या व्यासावर १०९ पृथ्व्या ओळीने मांडता येतील. गाभ्यात तयार झालेली ऊर्जा धडपडत, आपटत पृष्ठभागापर्यंत यायला हजारो वर्षं घेते. तिथून आपल्या डोळ्यांपर्यंत मात्र फक्त आठ मिनिटं. उद्या गाभ्यातलं हायड्रोजनचं ज्वलन थांबलं, तरी नुसता आकुंचन पावत सूर्य आणखी काही कोटी वर्षं तळपत राहील. आपल्याला पत्ता लागेल तो न्यूट्रिनो येणं बंद झाल्यामुळे. आणि सध्या तर तो मंदावत नाहीये, दर शंभर कोटी वर्षांत साधारण दहा टक्क्यांनी जास्तच तेजस्वी होतोय.

अशा सूर्यावर थरारपट कसा काढायचा? पहिला तासभर बॉयलला उत्तर सापडलेलं असतं: थांबून बघायचं. सगळे जण एकत्र बसून बुधाचा इवलासा ठिपका सूर्यबिंबावरून सरकताना पाहतात, कोणी फारसं बोलत नाही. कप्तान कानेडा ढाल दुरुस्त करताना उजेडाच्या लाटेत सापडतो. त्याला वाचवायचे मार्ग संपलेले असतात, आणि सर्ल त्याला विचारत राहतो, काय दिसतंय? या प्रश्नाचं उत्तर कुणाकडेच नाही, म्हणून तो प्रसंग अंगावर येतो.

मग सिनेमाचा धीर सुटतो. आधीच्या यानाचा भाजलेला, देवाशी बोलणारा कप्तान पिनबॅकर हातात पातं घेऊन अवतरतो आणि पाठलाग सुरू होतो. अनेकांना हा भाग खटकतो. मला त्याचं कारण चुलीच्या त्या कल्पनेत दिसतं. सूर्याला एकदा 'प्रॉब्लेम' ठरवलं की तो सोडवावा लागतो, घड्याळ लावावं लागतं, आणि घड्याळाला खलनायक लागतो. ज्याच्याकडे नुसतं पाहून माणसं वेडी होत होती, त्या सूर्याला चाकूवाल्या माणसाची काय गरज?

तरीही शेवट मला आवडतो. किलियन मर्फीचा कापा आगीच्या भिंतीसमोर उभा राहतो, काळ ताणला जातो, तो हात पुढे करतो. तेवढ्या काही सेकंदांत सिनेमा पुन्हा सूर्याच्या गतीने चालायला लागतो.

पाहणार असाल तर ब्राइटनेस पूर्ण ठेवून पाहा. बॅटरी उतरेल, चालेल. पाठलाग सुरू झाला की हवं तर थोडं पुढे ढकला. पण बुधाच्या ठिपक्याच्या वेळी फोन हातात असला, तरी नोटिफिकेशन बघू नका.