मॅकिंडर ह्यांचा ‘हृदयप्रदेश’

नकाशा म्हणजे निर्जीव कागद, असें ज्यांस वाटतें त्यांनीं हॅलफर्ड मॅकिंडर ह्यांचें ‘डेमोक्रॅटिक आयडियल्स अँड रिॲलिटी’ (१९१९) हें पुस्तक अवश्य वाचावें. ओब, येनिसे, लेना ह्या नद्या वर्षांतील बराच काळ गोठणाऱ्या उत्तर समुद्रास मिळतात. व्होल्गा कास्पियनांत विलीन होते. म्हणून युरेशियाच्या ह्या विस्तीर्ण अंतर्भागांत शत्रूचें आरमार शिरूं शकत नाहीं. तेथें आगगाडी पोंचली असतां, पूर्व युरोपवर पकड बसविणारी सत्ता ह्या ‘हृदयप्रदेशा’ची व अखेरीस जगाची स्वामिनी होईल, असा ग्रंथकारांचा सिद्धान्त आहे.

भूमीचें हें वाचन मार्मिक आहे, ह्यांत शंका नाहीं. लोकसंख्या व संघटना ह्यांचाही हिशेब धरावा लागेल, हें मॅकिंडर ह्यांनीं १९०४ च्या आपल्या निबंधांत मान्य केलें होतें. परंतु आकर्षक सूत्रापुढें ती कबुली झांकोळून गेली, हा आमचा मुख्य आक्षेप आहे. १९४५ नंतर बहुतेक सारा हृदयप्रदेश व पूर्व युरोपचा मोठा भाग सोव्हिएट वर्चस्वाखालीं होता. तरीही जग त्याच्या हातीं आलें नाहीं. उलट १ डिसेंबर १९९१ रोजीं युक्रेनमध्यें मत देणाऱ्यांपैकीं ९० टक्क्यांहून अधिक लोकांनीं स्वातंत्र्याचा कौल दिला, आणि त्याच महिन्यांत सोव्हिएट संघ विसर्जित झाला. नद्या व पर्वत होते तेथेंच होते. लोकांची निष्ठा मात्र उरली नव्हती.

राष्ट्रांना भूगोलाची शिकवण देणाऱ्यांस हें विसरून चालणार नाहीं. ग्रंथ संग्राह्य आहे. मात्र तो वाचतांना नकाशाशेजारीं इतिहासही उघडा ठेवावा, अशी वाचकांस आमची विनंती आहे.