कट कुणाचा? रेणू सलुजांच्या कामावर लिहिताना

माझ्या दुसऱ्या प्रकरणाच्या खर्ड्यात एक वाक्य होतं: ‘वेगवान, धारदार कट ही रेणू सलुजा यांची शैली आहे.’ गाइडनी खाली पेन्सिलीनं एवढंच लिहिलं, ‘हे संकलकाचं की दिग्दर्शकाचं? कशावरून?’ त्या प्रश्नात माझे तीन महिने गेले. तुम्ही सिनेमावर संशोधन करणार असाल, तर हा प्रश्न तुम्हालाही कुणीतरी विचारणारच.

सलुजा पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलन शिकल्या आणि २००० साली गेल्या. मधल्या काळात ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’साठी संकलनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार. अशी यादी हातात आली की आपण पुरस्कारांपासून सुरुवात करतो. मीही केली, आणि तिथेच फसले.

‘परिंदा’त (१९८९) करणच्या डोळ्यांदेखत त्याच्या मित्राला गोळ्या घातल्या जातात आणि कबुतरं भरारत उठतात. पंख, गोळ्या, चेहरे. माझं वाक्य याच प्रसंगावर उभं होतं. पण विचार करा: इतक्या कोनांतून चित्रण झालंय म्हणजे तुकडे करायचे हे दिग्दर्शक विधू विनोद चोप्रा आणि कॅमेरामन बिनोद प्रधान यांच्या डोक्यात आधीपासून असणार. मग श्रेय एकट्या संकलकाला कसं द्यायचं?

यावर मला सापडलेला उपाय साधा आहे. संकलक तोच ठेवा, दिग्दर्शक बदला. १९८३ या एकाच वर्षी सलुजांचे दोन सिनेमे आहेत, गोविंद निहलानींचा ‘अर्धसत्य’ आणि कुंदन शाहांचा ‘जाने भी दो यारो’. ते पाहिले की ‘वेगवान’ हा शब्द गळूनच पडतो. ‘अर्धसत्य’मध्ये त्या थांबतात. ओम पुरींच्या चेहऱ्यावर राग चढतो, तो तिथेच गिळला जातो, आणि हे सगळं होईपर्यंत शॉट धरलेला असतो. माझ्या मते हे त्यांचं सर्वांत चांगलं काम, आणि चार पुरस्कारांत ते नाही. (पानवलकरांची ‘सूर्य’ ही मूळ कथा मराठीत आहे, ती आधी वाचा. कथेतून आलेला ताण आणि संकलनातून आलेला ताण वेगळे करता येतात.) ‘जाने भी दो यारो’तल्या महाभारताच्या प्रवेशात गंमत गर्दीची आहे. प्रेत द्रौपदी झालंय, पात्रं घुसतायत, आणि ती सगळी एकत्र दिसली तरच हसू येतं.

म्हणून माझं गृहीतक आता असं: पात्राचं मन ठरेपर्यंत सलुजा शॉट सोडत नाहीत, जिथे ठरवायला वावच नाही, तिथेच तुकडे पडतात. कबुतरांच्या प्रसंगात करणला काही ठरवताच येत नाही. ‘धारावी’त मात्र हे अडखळतं. टॅक्सीवाल्याच्या स्वप्नांत माधुरी दीक्षित येते, आणि स्वप्न कुठे संपलं, मन कुठे ठरलं, हे वेगळं काढता येत नाही. तो सिनेमा मी प्रकरणातून गाळलेला नाही. गाळला असता तर प्रकरण नीटस दिसलं असतं, एवढंच.

आणखी एक अडचण आहे. ‘जाने भी दो यारो’साठी अनुपम खेर यांनी डिस्को किलर नावाचं पात्र केलं होतं. लांबीपायी ते अख्खं गेलं. प्रेक्षकाला त्याचा पत्ताही नाही. संकलकाचा बहुतेक निर्णय असाच असतो, आणि तो पडद्यावर शोधून सापडत नाही. मग उरतात सहकाऱ्यांच्या आठवणी. सलुजांवरचं ‘इन्व्हिजिबल’ हे पुस्तक त्यासाठी जरूर वाचा, पण त्या व्यक्ती गेल्यानंतरच्या, प्रेमानं सांगितलेल्या आठवणी आहेत हे विसरू नका. कामाची पद्धत समजायला त्या उत्तम, पण एखादा विशिष्ट कट कुणी ठरवला याचा पुरावा म्हणून मी त्या वापरत नाही.

‘चांगलं संकलन दिसत नाही’ हे कौतुक मला हल्ली खुपतं. न दिसण्याचं कौतुक केलं की बघायचे कष्ट वाचतात. त्यातून श्रेय सरळ दिग्दर्शकाच्या खात्यात जमा होतं.

खर्ड्यातलं ते वाक्य मी खोडलंय. त्या जागी सध्या ‘अर्धसत्य’च्या शॉट्सच्या लांबीचा तक्ता आहे, अर्धा भरलेला.