स्फोट आणि सूर

दुसऱ्यांनीं टिपलेलीं चित्रें जोडून त्यांस नवें संगीत द्यावयाचें, अशा पद्धतीचे प्रायोगिक लघुपट अमेरिकेंत पुष्कळ निघाले. त्यांत ब्रूस कॉनर यांचा ‘क्रॉसरोड्स’ (१९७६) निराळा ठरतो, आणि मनास टोंचतोही. २५ जुलै १९४६ रोजीं अमेरिकन सैन्यानें पॅसिफिक महासागरांतील बिकिनी बेटांजवळ पाण्याखालीं अणुस्फोट केला. सरकारी कॅमेऱ्यांनीं टिपलेला तोच एक स्फोट सुमारें ३६ मिनिटें, निरनिराळ्या बाजूंनीं, आपणांस पुनःपुन्हां पाहावा लागतो.

पूर्वार्धांतील गडगडाट अगदीं खरा वाटतो. प्रकाश आधीं, आवाज मागून, हा निसर्गक्रमही त्यांत पाळलेला आहे. वस्तुतः तो सर्व पॅट्रिक ग्लीसन यांनीं सिंथेसायझर या विद्युत्-वाद्यावर निर्माण केलेला! उत्तरार्धांत टेरी रायली यांचा ऑर्गन सुरू होतो. फिरून फिरून येणाऱ्या त्याच त्या स्वरांनीं संहाराला जणूं सायंप्रार्थनेची शांति येते. पाण्याचा तो प्रचंड स्तंभ कमळासारखा उमलूं लागतो. आपण सुखावलों, हें ध्यानीं येतांच लाज वाटते. ही लाज उत्पन्न करणें हेंच कॉनर यांचें यश, असें त्यांचे चाहते म्हणतील. मला तें अर्धेंच पटतें. स्फोटापूर्वीं बिकिनीवरून १६७ माणसें हलविलीं होतीं. त्यांतील एकाचाही चेहरा या पटांत नाहीं. जहाजें मात्र भरपूर. चित्रें सरकारचीं, म्हणून दृष्टीही सरकारचीच राहिली. आणि रायली यांचे सूर त्या रिकाम्या जागेवर इतके मधुर पसरतात, कीं ती रिकामी आहे हें ऐकतांना जाणवतही नाहीं.