मागाहून आलेला छायालेखक

इतिहासाच्या तासाला एखादा मुलगा हमखास विचारतो, "गुरुजी, हे चित्र काढणारा तिथं हजर होता का?" या प्रश्नाने मी नेहमीच अडचणीत येतो. अमेरिकन छायालेखक बडी स्क्वायर्स यांना तर तो जन्मभर पुरला आहे.

केन बर्न्स यांचे ऐतिहासिक अनुबोधपट हे स्क्वायर्स यांचे मुख्य क्षेत्र. १९८१ च्या 'ब्रुकलिन ब्रिज'च्या वेळी निदान पूल तरी समोर उभा होता. पण १९९० साली अमेरिकन दूरचित्रवाणीवर आलेल्या 'द सिव्हिल वॉर' या नऊ भागांच्या मालिकेसाठी समोर काय होते? १८६१ ते १८६५ च्या त्या यादवीला सव्वाशे वर्षे लोटलेली. त्या काळच्या कॅमेऱ्याला एक चित्र घ्यायला इतका वेळ लागे, की धावता सैनिक नुसता पुसट पट्टा होऊन उमटे. म्हणून प्रत्यक्ष लढाईची छायाचित्रे जवळजवळ नाहीतच. आहेत ती आधीची छावणी आणि नंतरची प्रेते.

दुसऱ्या कोणी नटांना गणवेश चढवून लढाई उभी केली असती. स्क्वायर्स, अ‍ॅलन मूर आणि स्वतः बर्न्स या तिघा छायालेखकांनी ती वाट धरली नाही. जुन्या छायाचित्रावरून कॅमेरा हळूहळू सरकतो, एखाद्या चेहऱ्याशी थबकतो, आणि मग दिसते ते आजचे ओसाड रणांगण. तिथे माणूस दिसत नाही, म्हणूनच तो आठवत राहतो.

मात्र एक तक्रार केल्यावाचून राहवत नाही. ती तांबूस पहाट, ती मावळतीवरची काळी तोफ इतकी देखणी आहे की कत्तलीवर सौंदर्याची शाल पांघरली जाते. शिवाय जुने छायाचित्र म्हणजे सत्यच, असेही नाही. १८६३ साली गेटिसबर्गला अलेक्झांडर गार्डनर यांच्या चमूने एका मृत सैनिकाचा देह दुसऱ्या जागी नेऊन छायाचित्र घेतले, हे पुढे संशोधकांनी दाखवून दिले. म्हणजे कॅमेरा हजर होता, तरीही! हळुवार सरकणारी दृष्टी अशी शंका आपल्या मनात येऊच देत नाही.

स्क्वायर्स यांचे खरे बळ मला जाणवते ते २०१७ च्या 'द व्हिएतनाम वॉर'मध्ये. दहा भाग, अठरा तास. इथे जुन्या चित्रफितींना तोटा नाही. छायालेखकाच्या वाट्याला येतात ती आठवणी सांगणारी माणसे. अमेरिकन, तशी व्हिएतनामीही. उत्तरेच्या सैन्यात लढलेले कादंबरीकार बाओ निन्ह बोलू लागतात, तेव्हा कॅमेरा कसलीही करामत करीत नाही. तो फक्त ऐकतो. मीही कादंबऱ्या लिहितो. पात्र बोलत असताना लेखकाने मध्ये न येणे किती कठीण, ते मला ठाऊक आहे.

यापुढे त्या मुलाला मी सांगेन, "नाही रे बाळ, हा हजर नव्हता. पण जे हजर होते, त्यांच्यासमोर तो गप्प बसला. इतिहासाच्या विद्यार्थ्याने आधी तेवढंच शिकावं."