त्र्याण्णव बैठका

मेलनी क्लाइन (1882–1960) यांच्याविषयीचा वाद सहसा त्यांच्या सिद्धान्तांवरून होतो. मला तो त्यांच्या एका पुस्तकातून तपासावासा वाटतो. 1941मध्ये लंडनवर बॉम्ब पडत असताना स्कॉटलंडमधील पिटलॉख्री गावी त्यांनी रिचर्ड या दहा वर्षांच्या मुलावर उपचार केले. त्या त्र्याण्णव बैठकांचा वृत्तान्त त्यांच्या मृत्यूनंतर, 1961मध्ये प्रसिद्ध झाला.

मुलाचा खेळ हीच त्याची भाषा, हे क्लाइन यांचे मोठे देणे. विद्यापीठाची पदवी नसलेल्या या बाईंनी खेळण्यांना विश्लेषणाच्या खोलीत मानाची जागा दिली. रिचर्ड आरमारी जहाजे खेळवतो, नकाशे न्याहाळतो, साम्राज्यांची चित्रे रंगवतो: काळा रंग वडिलांचा, निळा आईचा, जांभळा भावाचा, तांबडा त्याचा स्वतःचा. हिटलर त्याच्या बोलण्यात सारखा येतो.

अडचण इथेच आहे. पहिल्याच बैठकीत तो सांगतो, की रात्री कुणी भटक्या येऊन आईला इजा करील अशी त्याला धास्ती वाटते. क्लाइन त्या भटक्याचा धागा लगेच वडिलांशी जोडतात. युद्ध जणू घरातल्या भांडणाचे रूपकच! ॲना फ्रॉइड यांचा मूळ आक्षेप हाच होता: आधी मुलाशी नाते जुळू द्यावे, अर्थाची घाई करू नये. तो मला अजूनही बिनतोड वाटतो.

आणि तरीही पुस्तक खाली ठेववत नाही. बैठकांना जोडलेल्या टिपांत वृद्ध क्लाइन आपल्याच जुन्या अन्वयार्थांकडे पुन्हा वळतात. मुलाचे कंटाळणे, खिडकीबाहेर पाहणे, विषय बदलणे त्यांनी गाळलेले नाही. त्यांच्याविरुद्धचा पुरावा त्यांनीच जपून ठेवला आहे.

हा प्रामाणिकपणा त्यांच्या आरंभीच्या लेखनात नव्हता. तिथला ‘फ्रिट्झ’ शेजारी राहणाऱ्या नातलगांचा मुलगा म्हणून येतो. वास्तविक तो त्यांचा धाकटा मुलगा एरिख. नाव बदलणे समजू शकते. पण निरीक्षक आईच आहे, हे दडवल्यावर वाचकाने निरीक्षणाचे वजन करायचे कसे? थोरली मुलगी मेलिटा स्वतः विश्लेषक झाली आणि ब्रिटिश संस्थेत आईची उघड विरोधक बनली. चरित्रकारांना नि नाटककारांना हे कलहनाट्य फार भावते. पण मुलीच्या रागाने सिद्धान्त खोटा ठरत नाही. फ्रिट्झवरचा निबंध मात्र आज आईने लिहिलेला म्हणूनच वाचावा लागतो, आणि तसा वाचताना त्यातल्या मुलाच्या प्रत्येक प्रश्नाला दुसराच सूर लागतो.